साहेबांच्या हातात द्यायची नोटीस

बेलिफाच्या नोकरीत इतका भित्रा माणूस कुणी घेतला, हे कोडं त्या कोर्टात कुणालाच सुटलं नव्हतं. बेलिफाचं काम म्हणजे लोकांच्या दारात जायचं आणि ज्याला कोर्टाचा कागद नको असतो त्याच्याच हातात तो द्यायचा. "या, बसा" म्हणणारं गिऱ्हाईक या धंद्यात भेटत नाही. आणि हे बेलिफ, ज्यांना सगळे मामाच म्हणत, ते तर कुत्र्याला घाबरत, चढ्या आवाजाला घाबरत, लिफ्टला घाबरत, वकिलांना तर न्यायाधीशांपेक्षा जास्त घाबरत. शेजारणीने नुसतं "मामा, जरा थांबता का?" म्हटलं तरी त्यांच्या छातीत धस्स व्हायचं.

दार वाजवायची त्यांची एक खास पद्धत होती. बोटाच्या टोकाने, दाराला दुखणार नाही अशा बेताने, ते दोन टिचक्या मारत. आतल्याला ऐकू गेलं तर त्याचं नशीब. नाही गेलं की मामा सुटकेचा श्वास टाकत, पिशवीतून डिंकाची बाटली काढत, नोटीस दारावर डकवत आणि कोर्टात येऊन अहवाल लिहीत: 'घर बंद होते. इसमाची भेट झाली नाही. नोटीस दर्शनी भागी डकवली.' कोर्टातले कारकून म्हणत, मामांनी स्वतःच्या लग्नाची पत्रिकासुद्धा सासऱ्यांच्या दारावर डकवली असेल आणि पळून आले असतील. मामाही हसत. चेष्टेत वाईट वाटून घेण्याइतका धीर त्यांच्यात नव्हता.

भित्र्या माणसाचा कुणाला त्रास होत नाही, असं लोकांना वाटतं. साफ खोटं आहे. मामांच्या भित्रेपणाचा त्रास पुष्कळांना झाला होता. कुणाचा घरमालक, कुणाचा नवरा, कुणाचा कंत्राटदार 'भेट झाली नाही' या तीन शब्दांवर मोकळा सुटला होता आणि कोर्टाची तारीख पुढे गेली होती. पण त्या लोकांना मामांचा राग कधी आला नाही, कारण त्यांना मामा माहीतच नव्हते. त्यांना फक्त तारीख माहीत होती.

त्या आठवड्यात नाझरांनी, म्हणजे सगळ्या बेलिफांच्या वरिष्ठांनी, मामांना बोलावलं आणि एक नोटीस पुढे सरकवली. नाव वाचून मामांच्या पायाखालची जमीन सरकली. नोटीस मोठ्या साहेबांच्या नावची होती. गावातल्या सगळ्या सरकारी कचेऱ्या ज्यांच्या हुकमात चालतात, ते मोठे साहेब.

"हातात द्यायची," नाझर म्हणाले. "न्यायाधीश मॅडमनी स्वतः लिहिलंय वरती, बघा. डकवायची नाही, शिपायाकडे ठेवायची नाही. आत काय लिहिलंय ते सांगायचं आणि हातात द्यायची."

"मी? दुसरं कुणी नाही का?"

"दुसरे सगळे जाऊन आले, मामा. सगळ्यांना साहेब दौऱ्यावर भेटले. म्हणजे भेटलेच नाहीत. आता तुम्हीच राहिलात."

प्रकरण असं होतं. गावाबाहेर कापड रंगवायचा कारखाना आहे. त्याचं पाणी ओढ्यात सुटायचं आणि ओढ्यातून शेतात शिरायचं. एका बाईची टोमॅटोची निम्मी बाग त्या पाण्याने करपली. ती कोर्टात गेली आणि सगळ्यांना आश्चर्य वाटेल अशा रीतीने जिंकली. कोर्टाने मोठ्या साहेबांना हुकूम दिला: कारखान्याच्या पाण्याचं तोंड बुजवा आणि शेताजवळ पाणी साठवू देऊ नका. साहेबांनी 'कार्यवाही सुरू आहे' असं उत्तर पाठवलं, आणि कार्यवाही म्हणजे काय झालं, तर कारखान्याने बाईच्या बांधाला लागूनच एक मोठा खड्डा खणायला घेतला. म्हणून आता न्यायाधीशबाईंनी साहेबांनाच बोलावलं होतं: हुकूम का पाळला नाही, ते स्वतः येऊन सांगा. नोटीस पुढच्या तारखेआधी पोचली नाही, तर सुनावणी लांबणार होती, आणि मग कोर्टाला मोठी सुट्टी लागणार होती. कोर्ट उघडेपर्यंत खड्डा भरला असता, आणि एकदा ते पाणी जमिनीत मुरलं की पुढच्या हुकमाला काही अर्थ राहिला नसता.

हे सगळं मामांना कळलं. पण त्यांच्या डोक्यात घुमत होतं ते वेगळंच. त्यांची लेक मोठ्या साहेबांच्याच कचेरीत कंत्राटावर लागली होती. मुदत संपत आली होती, आणि पुढच्या मुदतीच्या कागदावर सही साहेबांची लागणार होती.

घरी जेवताना त्यांनी बायकोला सांगितलं. लेक अजून आली नव्हती.

"मग काय, लिहून टाका नेहमीसारखं," बायको म्हणाली. "भेट झाली नाही म्हणून. आजवर कमी का लिहिलंत?"

"मॅडमनी स्वतः लिहिलंय त्यावर."

"मॅडम काय पोरीला कामावर ठेवणार आहेत? किती खेटे घातले तेव्हा तिला ते काम मिळालंय. अहो, घास तसाच धरून काय बसलात? खा."

मामांनी घास खाल्ला. लेक आली, हातपाय धुऊन जेवायला बसली, आणि कचेरीत आज काय गंमत झाली ते सांगू लागली. मामा तिच्याकडे बघत राहिले.

ज्याने दावा लावला त्याचं माणूस बेलिफाबरोबर जातं, समोरचा कोण ते दाखवायला. मोठ्या साहेबांना ओळखत नाही असं गावात कुणी नव्हतं, पण रीत ती रीत, म्हणून टोमॅटोवाली बाई मामांबरोबर आली. मामांना वाटलं होतं, कोर्टात इतकं भांडलेली बाई म्हणजे एखादी रणरागिणी असेल. आली ती एक बारकी, चष्म्याला दोरी बांधलेली बाई. कचेरीच्या फाटकाशी तीच मामांच्या मागे उभी राहिली.

शिपायाने कागद बघितला आणि सवयीने म्हणाला, "साहेब दौऱ्यावर गेलेत."

साहेबांची गाडी पोर्चमध्ये उभी होती. ड्रायव्हर ती पुसत होता. मामांनी गाडीकडे पाहिलं, शिपायाने मामांकडे पाहिलं.

"मामा," शिपाई आवाज खाली आणून म्हणाला, "तुमची पोर आत बसते. गुणी पोर आहे. तुम्हाला कशाला हवाय हा ताप? लिहा की दौऱ्यावर आहेत म्हणून. मी सही करतो खाली."

तो भल्यासाठीच सांगत होता, हे मामांना कळत होतं, आणि म्हणूनच त्यांची पाचावर धारण बसली. साहेबांना ठाऊक होतं तर! कागद कोण आणणार, त्याची लेक कुठे बसते, सगळं फाटकापर्यंत येऊन पोचलं होतं. मामांचा हात खिशातल्या पेनाकडे गेला.

"दादा," मागून बाई म्हणाली, "चला, जरा बाहेर चला."

रस्त्यापलीकडे एका बंद दुकानाच्या पायरीवर ती टेकली. मामा उभेच राहिले, बसले तर उठता येणार नाही असं त्यांना वाटत होतं.

"तुम्ही घाबरलात," ती म्हणाली.

"नाही, तसं काही नाही."

"मीपण घाबरते. बाजारात जाताना ते लोक मोटारसायकल आडवी घालतात. बोलत काही नाहीत. नुसती आडवी घालतात, हसतात आणि बाजूला होतात. माझ्या दिराने तर हात झटकले, म्हणाला, वहिनी, मला पोरंबाळं आहेत. त्याचं काय चुकलं?" तिने दोरीशी चाळा केला. "पण त्या खड्ड्यापासून माझी टोमॅटोची शेवटची ओळ इथून त्या खांबाइतकी लांब आहे. पाणी सोडलं की संपलं. मग मी घाबरून तरी काय राखणार?"

मामांना तिची दया आली आणि तिचा रागही आला. ही बाई भेटलीच नसती तर किती बरं झालं असतं, असंही वाटून गेलं.

मग तिनेच वाट काढली. सोमवारी साहेब मोठ्या हॉलमध्ये बसून लोकांच्या तक्रारी घेतात, वर्तमानपत्रवाले असतात, त्यामुळे त्या दिवशी दौरा नसतो. ती स्वतः दोनदा त्या रांगेत उभी राहिली होती. "साहेब वर बघत नाहीत," ती म्हणाली. "नुसता हात पुढे करतात. कागद घेतात, हिरव्या शाईने काहीतरी लिहितात आणि बाजूच्या कारकुनाकडे देतात. आपण रांगेतून जाऊ."

सोमवारी हॉल गच्च भरला होता. दारातच एका टेबलावर लोकांना नंबरचे बिल्ले देत मामांची लेक बसली होती. मामांना हे माहीत नव्हतं. ती रोज कुठल्यातरी खोलीत संगणकापुढे बसते, एवढीच त्यांची कल्पना.

"बाबा? तुम्ही इथे?"

"या ताईंबरोबर आलोय." मामांनी कागदांची पिशवी छातीशी घट्ट धरली.

लेकीने बाईकडे पाहिलं, पिशवीकडे पाहिलं. कचेरीत बसणाऱ्या माणसाला अशा गोष्टी समजावून सांगाव्या लागत नाहीत. तिने बिल्ला बापाच्या हातात दिला, तेव्हा तिची बोटं गार पडली होती.

रांग हळूहळू सरकत होती. मामांच्या मागे एक म्हातारे गृहस्थ होते, गल्लीतल्या तुंबलेल्या गटाराची तक्रार घेऊन आलेले आणि सगळ्या जगावर चिडलेले. "पुढे सरका हो," ते दर थोड्या वेळाने मामांवर खेकसत. मामा एक पाऊल पुढे टाकत आणि अर्धं मागे घेत. काय बोलायचं ते त्यांनी मनात घोकून ठेवलं होतं: 'साहेब, मी कोर्टाचा बेलिफ. ही आपल्या नावची नोटीस. हुकूम न पाळल्याबद्दल आपल्याला जातीने हजर राहायचंय.' रांग पुढे सरकली की त्यातला एकेक शब्द गळून पडत होता. टेबलापाशी पोचेपर्यंत डोक्यात फक्त 'साहेब' उरलं.

साहेबांनी वर न बघता हात पुढे केला.

मामांनी नोटीस आणि तिची प्रत त्या हातात ठेवली. तोंड उघडलं. आवाज बाहेरच आला नाही.

साहेबांनी नोटिशीच्या कोपऱ्यात हिरव्या शाईने 'तपासून योग्य ती कार्यवाही करावी' असं लिहिलं, झोकात सही केली आणि ती कारकुनाकडे सरकवली. कारकुनाने प्रतीवर शिक्का मारून ती मामांना परत दिली. साहेबांनी साहेबांवरच कार्यवाही करायला सांगितलं होतं! "पुढचा," शिपाई ओरडला.

बाहेरच्या व्हरांड्यात बाईला हसू आवरेना. ती हसता हसता रडायला लागली. "झालं दादा! सही केली त्यांनी. स्वतःच्या हाताने केली!"

मामा भिंतीला टेकले होते. त्यांनी अहवालाचा छापील कागद काढला होता आणि तो हातात तसाच धरला होता. त्यावर वाक्य तयारच असतं: 'मजकूर समजावून सांगून नोटीस हातात दिली.' खाली फक्त सही करायची. आयुष्यभर मामांनी कागदावर लहानसहान खोटं लिहिलं होतं, हे त्यातलंच एक. पण हे वाक्य मॅडम मोठ्याने वाचतील. साहेबांचा वकील उभा राहील आणि म्हणेल, आमच्या साहेबांना तक्रारीच्या गठ्ठ्यात गुपचूप कागद सरकवला, कुणी काही सांगितलं नाही. मग मामांना पिंजऱ्यात बोलावतील, शपथ देतील आणि विचारतील, तुम्ही सांगितलंत का? आणि मामा, ज्यांचं शेजारणीपुढे त-त-प-प होतं, ते काय बोलणार? नोटीस रद्द. तारीख पुढे. खड्डा भरणार.

"ताई," ते म्हणाले, "मी सांगितलंच नाही त्यांना. आवाजच फुटला नाही माझा."

बाईचं हसू मावळलं. तिने त्यांना दोष दिला नाही, आणि मामांना तेच सहन झालं नाही. ते वळले आणि परत हॉलमध्ये शिरले. धैर्य वगैरे काही आलं नव्हतं, उगाच कुणी तसं समजू नये. पळून जावं असं त्यांना प्रत्येक पावलाला वाटत होतं.

रांग ओलांडून ते सरळ टेबलापाशी गेले. आता टेबलापाशी तेच म्हातारे गृहस्थ आपलं गटार समजावत होते.

"साहेब," मामा म्हणाले. आवाज चिरका निघाला, अगदी नको इतका मोठा. सगळा हॉल वळून बघायला लागला. "मी कोर्टाचा बेलिफ आहे. मघाशी दिला तो तक्रारीचा अर्ज नव्हता. ती नोटीस आहे, तुमच्या नावची. शेतात पाणी जाऊ देऊ नका म्हणून कोर्टाने हुकूम दिला होता, तो तुम्ही पाळला नाहीत. त्याचा जाब द्यायला तुम्ही स्वतः यायचंय. वकील पाठवून चालणार नाही."

साहेबांनी पहिल्यांदाच वर पाहिलं. कारकुनाकडून नोटीस मागून घेतली, वाचली, आणि आपल्या हिरव्या सहीवर सावकाश एक आडवी रेघ ओढली. मामांच्या हातातली प्रतही त्यांनी घेतली, शिक्क्यावर काट मारली आणि दोन्ही कागद टेबलावरून खाली सोडून दिले.

"मी घेतलेली नाही," ते म्हणाले. आवाज अजिबात चढला नव्हता. "फसवून दिलेला कागद मी घेत नाही. तुमची मुलगी आमच्याकडेच आहे ना? दाराशी?"

"हो साहेब."

"बरं." साहेबांनी दाराकडे नजर टाकली. "चांगली आहे कामाला."

मामा खाली वाकले ते कागद उचलायला की कोसळले, हे त्यांनाही सांगता आलं नसतं. पण हातात कागद आले. आणि नियम त्यांना येत होता, नको असून येत होता: घेणाऱ्याने नाकारलं, तर तिथे हजर असलेल्या दोघांनी 'आमच्यासमोर दिली' म्हणून सही करायची. बाईची सही चालणार नव्हती, दावा तिचाच होता.

"साक्षीला दोघं जण हवेत," मामा हॉलकडे वळून म्हणाले. "नुसतं खरं ते लिहायचंय. तुम्ही पाहिलंत तेच."

हॉलमधल्या प्रत्येकाला एकदम आपापल्या चपला बघाव्याशा वाटल्या. प्रत्येकाचा एकेक कागद त्या टेबलावर अडकला होता. वर्तमानपत्रवाले कॅमेऱ्याचं काहीतरी नीट करण्यात गुंतले. शिपाई मामांच्या शेजारी येऊन उभा राहिला, हात लावला नाही, नुसता उभा राहिला.

"माझं गटार काही हे साफ करत नाहीत," म्हातारे गृहस्थ करवादले. "आणा इकडे."

त्यांनी टेबलावर अहवालाचा कागद टेकवला तर कारकुनाने तो उचलून परत दिला. "इथे नाही. सरकारी टेबल आहे." भिंतीकडे वळले तर शिपाई आडवा झाला. मग मामाच वाकले, गुडघ्यांवर हात ठेवून, आणि म्हाताऱ्यांनी त्यांच्या पाठीवर कागद ठेवून सही केली.

"अजून एक," मामा वाकूनच म्हणाले. "अजून एकच."

कुणी आलं नाही. मामांना फक्त फरशी दिसत होती, आणि त्यांच्या मनात आलं, कुणी नाही आलं तर बरं. मी केलं ते केलं. घरी जाऊन सांगता येईल, कुणी पुढे आलं नाही. तेवढ्यात फरशीवर त्यांना ओळखीच्या चपला येताना दिसल्या.

"तू नको," ते म्हणाले. "बाळा, तू जा. जाऊन बस जागेवर."

"बाबा, पेन द्या."

"अगं, ते बघतायत. ही सही तुला फार महाग—"

"मी पाहिलंय ना सगळं," लेक म्हणाली. तिचाही आवाज कापत होता, अगदी बापासारखाच. "पेन द्या. आणि हलू नका, नाहीतर नीट येणार नाही."

मामांनी पेन मागे धरलं. तिने कागद त्यांच्या पाठीवर ठेवला, तळहाताने सपाट केला. मामांना एवढी भीती आयुष्यात कधीच वाटली नव्हती, पण ते हलले नाहीत. पेनाचं टोक सदऱ्यातून त्यांना टोचत होतं, अक्षर न् अक्षर कळत होतं. आधी तिने स्वतःचं नाव लिहिलं. मग, दोन खांद्यांच्या बरोबर मधे, तिने त्यांचं लिहिलं.